सेटिरिझिन चालू असताना खोकल्याचं सिरप घेतलं तर चालेल का?

प्रश्न: ॲलर्जीसाठी रोज रात्री सेटिरिझिन १० मिग्रॅ घेते. आता कोरडा खोकला लागलाय. घरातल्या सिरपच्या ५ मिलीत डेक्स्ट्रोमेथॉर्फन १० मिग्रॅ, क्लोरफेनिरामिन २ मिग्रॅ आणि फेनिलेफ्रिन ५ मिग्रॅ आहे. दोन्ही सोबत चालेल?

उत्तर १: हे सिरप नको. क्लोरफेनिरामिन हेही ॲलर्जीचंच औषध, म्हणजे एकच काम करणारी दोन औषधं पोटात जातात. गुण फारसा वाढत नाही; गुंगी, तोंडाला कोरड, लघवी अडखळणं मात्र वाढतं. काचबिंदू असेल तर आणखी धोका. नुसतं डेक्स्ट्रोमेथॉर्फन असलेलं सिरप मागा. प्रौढांना १० ते २० मिग्रॅ दर ४ तासांनी, २४ तासांत १२० मिग्रॅच्या वर नाही. सेटिरिझिननेही थोडी झोप येते, तेव्हा पहिल्या दिवशी गाडी चालवू नका. आणि सिरप बाटलीसोबतच्या मापानेच घ्या, स्वयंपाकघरातल्या चमच्याने नाही.

उत्तर २: नैराश्यावरचं काही चालू आहे का? फ्लुऑक्सेटिन, पॅरॉक्सेटिन यांच्यामुळे डेक्स्ट्रोमेथॉर्फन शरीरात जास्त वेळ राहतं, शिवाय सेरोटोनिन हे मेंदूतलं रसायन वाढून कंप, घाम, धडधड सुरू होऊ शकते. एमएओआय गटातली (नैराश्यावरच्या औषधांचाच एक जुना गट) गोळी असेल तर ती थांबवल्यावरही १४ दिवस हे सिरप वर्ज्य.

प्रश्नकर्ती: ते नाही, पण रक्तदाबासाठी रामिप्रिल आहे. अंग दुखतं म्हणून सर्दीची गोळीही घेते.

उत्तर १: मग फेनिलेफ्रिन टाळाच, ते रक्तवाहिन्या आकसवतं. सर्दीच्या गोळीची पट्टी उलटून वाचा: बहुतेक वेळा पॅरासिटामॉलसोबत तेच फेनिलेफ्रिन आणि तेच क्लोरफेनिरामिन निघतं. अंगदुखीला नुसती पॅरासिटामॉल ५०० मिग्रॅ पुरे. दोन डोसांत किमान ४ तास, आणि सगळीकडून मिळून दिवसाला ४ ग्रॅमच्या आत. यकृताचा त्रास किंवा रोजची दारू असेल तर त्याहून बरीच कमी, डॉक्टरांना विचारून.

उत्तर ३: रामिप्रिल म्हटल्यावर आधी तिकडेच बघायला हवं. या गटाच्या गोळ्यांनी कोरडा, घशात खवखवणारा खोकला येतो, कधी गोळी सुरू झाल्यावर कित्येक महिन्यांनीसुद्धा. त्याला सिरपचा उपयोग नाही. गोळी स्वतःहून बंद करू नका, डॉक्टरांना सांगा. ते सहसा टेल्मिसार्टनसारखी दुसऱ्या गटातली देतात. बदलल्यावर खोकला थांबायला १ ते ४ आठवडे लागतात, कधी जास्तही. ओठ किंवा जीभ सुजली तर मात्र थांबू नका, लगेच दवाखाना गाठा.