मदत हवी आहे: ओलेग मुतूसारखा जेवणाच्या टेबलाचा शॉट

पडद्यामागची: रविवारी शूट आहे, लवकर सांगा. ‘फोर मंथ्स, थ्री वीक्स अँड टू डेज’ या रोमानियन चित्रपटात (छायाचित्रण ओलेग मुतूचं) जेवणाच्या टेबलावर त्यातली नायिका ओटिलिया मधोमध बसलीय, भोवती पाहुण्यांच्या गप्पा, कट नाही. तसा शॉट लघुपटात हवाय. सहा माणसं आहेत. काल चार टेक घेतले. माझी नायिका गर्दीत हरवते. शिवाय मधेच तिचा चेहरा काळवंडतो आणि आपोआप उजळतो. काय चुकतंय?

रीळवाला: कॅमेरा कोणता? लेन्स? खोली केवढी? उजेड कुठून येतोय?

तिसरी घंटा: ट्रायपॉड सोडा. मुतूचा हात बघायचा तर ‘द डेथ ऑफ मिस्टर लाझारेस्कू’ (२००५) बघा. म्हाताऱ्याला या दवाखान्यातून त्या दवाखान्यात नेतात आणि कॅमेरा खांद्यावरून मागेमागे. जिवंत वाटतं.

रीळवाला: तो क्रिस्ती पुइयूचा चित्रपट, आणि तिथे मुतूबरोबर आंद्रेई बुतिकाही होता. क्रिस्तियान मुंजियूच्या ‘फोर मंथ्स’मध्ये पात्र चाललं तर कॅमेरा चालतो, बसलं की थांबतो. ओटिलियाची मैत्रीण तिकडे हॉटेलात गर्भपातानंतर एकटी पडलीय, आणि हिला इथून उठता येत नाही. कॅमेराही उठत नाही, म्हणून आपला जीव गुदमरतो. तिथे खांद्यावरचा कॅमेरा नकोच.

तिसरी घंटा: ‘नकोच’ कशाला? कॅमेऱ्याचा हलका श्वास, म्हणजे किंचित हलणं, चालतं की.

भूगोलप्रेमी: मुतूचा जन्म किशिनाऊचा, म्हणजे मोल्दोवाचा. सरसकट रोमानियन म्हणू नका. दिग्दर्शक सर्गेई लोझनित्साचे ‘माय जॉय’ आणि ‘इन द फॉग’ त्यानेच चित्रित केलेत.

कोथरूडकर: एफटीआयआयच्या प्रवेश परीक्षेची तयारी आतापासूनच करा. माझ्या भाच्याला उशीर झाला होता.

पडद्यामागची: प्रवेश नकोय, शॉट हवाय! फोनवर घेतेय, नेहमीची लेन्स. टेबलापासून दोन हातांवर. वर एकच ट्यूबलाइट.

रीळवाला: हे आधी सांगायचं ना! फोनची मुख्य लेन्स रुंद असते. जवळचे हात-ताटं मोठी दिसतात, नायिका मागे जाते. दुप्पट झूमची वेगळी लेन्स असेल तर ती लावा आणि मागे सरका. कॅमेरा समोर बसलेल्या पाहुण्याच्या डोळ्यांच्या उंचीवर ठेवा. कडेच्या माणसांचे खांदे, अर्धे चेहरे कापले गेले तर जाऊ द्या, त्या चित्रपटातही तसंच आहे. चेहरा काळवंडतो कारण स्टीलची वाटी पुढे आली की फोन स्वतःच उजेड कमी करतो. तिच्या चेहऱ्यावर बोट दाबून धरा, फोकस आणि एक्स्पोजर (फोन किती उजेड घेतो ते) लॉक होईल.

तिसरी घंटा: ट्यूबही बंद करा. टेबलावर एक पिवळा बल्ब टांगा, भिंती अंधारात जातील. लॉकबाबत मी रीळवाल्यांशी सहमत.

पडद्यामागची: आत्ता करून पाहिलं. लॉक केल्यावर चेहरा स्थिर राहिला! आता एकच. आई रस्सा वाढते तेव्हा दर वेळी तिचा हात नायिकेच्या तोंडावरून जातो. हलवू का आईला?

रीळवाला: मुळीच नको. वाढू द्या.