बास बूस्ट लावला म्हणून लॅपटॉपचं होम थिएटर होत नाही

मोंढा_नांदेड: काल इथं एकानं लिहिलं, 'इक्वलायझर एपीओ (विंडोजवर आवाजाच्या पट्ट्या वर-खाली करायचं सॉफ्टवेअर) टाका, वर पीस (त्या पट्ट्या दाखवणारी त्याची खिडकी) टाका, बास बूस्ट प्रीसेट लावा, लॅपटॉप होम थिएटरसारखा वाजतो.' वाचून डोकं उठलं. रुपयाएवढ्या स्पीकरातून ६० हर्ट्‌झ, म्हणजे खालचा घुमारा, निघतच नाही. तिथली पट्टी वर ढकलली की नुसती जाळी थरथरते. त्यात प्रीॲम्प (सगळा आवाज एकदम वर-खाली करणारी पट्टी) शून्यावर! ६ डेसिबल वाढवले की सिग्नलची उंची जवळजवळ दुप्पट. आधीच ठासून भरलेल्या गाण्यात ती मावत नाही, माथे छाटले जातात, आवाज फाटतो. जेवढं वाढवलं तेवढं प्रीॲम्प खाली घ्या की.

लातूरकर_काका: ती पोस्ट माझीच. तुम्ही ज्ञानी, आम्ही अडाणी. वडिलांच्या भजनाच्या कॅसेटी कॉम्प्युटरवर उतरवल्या, तर नुसता टाळांचा कल्लोळ. प्रीसेट लावला अन् पखवाजाची कणकेची बाजू घुमली. आई म्हणाली, 'हा हात माझ्या भावाचाय.' आता सांगा तुमचं हर्ट्‌झ.

मोंढा_नांदेड: काका, स्पीकरवर ऐकवलं का हेडफोनवर?

लातूरकर_काका: हेडफोनवर. मग?

मोंढा_नांदेड: मग मी काय म्हणूलालो?

तुळजापूर_रोड: ह्या बासानंच वाट लावली. परवा गल्लीतून वरात गेली, मांडणीवरचे तीन पितळी डबे खाली. रात्री दहानंतर बंद, हा नियम २००० सालचा आहे. पाळतो कोण? संबळ होता तेव्हा कुणाच्या भिंती हलत नव्हत्या.

साउंडवाला_बीड: संबळवाल्याला बोलवायचं तर बोलवा ना. सुपारी देताना 'बास छातीत बसला पाहिजे' म्हणता अन् शिव्या आम्हाला. बासच्या पेट्यांचे हप्ते तुम्ही भरूलालाव का?

तुळजापूर_रोड: डबे तुम्ही भरून द्या, मग हप्त्याचं बोलू.

साउंडवाला_बीड: पत्रा पाठवा, ठोकून देतो.

परभणी_ऐकीव: भांडा निवांत. तोवर काका, एक करा. ड्रायव्हरमधलं साउंड एन्हान्समेंट आधी बंद करा, नाहीतर इक्वलायझरवर इक्वलायझर चढतो. अन् कीर्तनातलं बोलणं डब्यातून आल्यासारखं वाटत असेल तर २५०-३०० हर्ट्‌झला ३ डेसिबल कमी करून बघा. वाढवण्यापेक्षा काढण्यानं जास्त फरक पडतो.

लातूरकर_काका: प्रीॲम्प -६ केला. फाटायचं थांबलं, घ्या, तुमचंच खरं. आवाज बारीक झाला, तर आई विचारूलाली, बिघडवलास का?

मोंढा_नांदेड: व्हॉल्यूम वाढवा की वो.