कोर्ट कमिशनर मिळकत ‘निश्चित’ करतो की ‘पडताळतो’?

प्रश्न
सोलापूरच्या दिवाणी न्यायालयातील हद्दीच्या एका दाव्याचे कागद इंग्रजीतून मराठीत आणताना, कमिशनरने (जागेची पाहणी करून अहवाल देण्यासाठी न्यायालयाने नेमलेल्या व्यक्तीने) दावा मिळकत, म्हणजे ज्या जमिनीबद्दल दावा आहे ती, ‘आयडेंटिफाय’ करावी या वाक्यापाशी मी अडलो आहे. ‘ओळख पटवणे’ म्हटले की आरोपी किंवा मृतदेह डोळ्यांपुढे येतो. ‘निश्चित करणे’ भारदस्त वाटते, पण ते बरोबर आहे का? ‘न्यायालय आयुक्त’ हा शब्द वापरावा का, हेही जाणकारांनी सांगावे.

उत्तर
‘निश्चित करणे’ टाळावे, असे माझे स्पष्ट मत आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश २६, नियम ९ प्रमाणे न्यायालय स्थळपाहणीसाठी कमिशनर नेमते, ते वादग्रस्त बाबीचा उलगडा व्हावा म्हणून. नियम १० प्रमाणे त्याचा अहवाल पुराव्याचा भाग होतो आणि त्या अहवालाबाबत खुद्द कमिशनरची तपासणीही घेता येते. ज्याच्या म्हणण्याची अशी परीक्षा होऊ शकते, त्याच्या कामाला ‘निश्चिती’ म्हणणे म्हणजे न्यायाधीशांचे काम त्याच्या हाती देणे होय.

तो जागेवर प्रत्यक्ष काय करतो, हे पाहिले की शब्द आपोआप सापडतो. दाव्यात मिळकतीचे वर्णन गट नंबर, क्षेत्र आणि चतुःसीमा यांनी केलेले असते. परंतु जुन्या खरेदीखतात सर्व्हे नंबर असतो, १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्याखालील जमिनींच्या एकत्रीकरणानंतर त्याचा गट झालेला असतो, आणि ‘पूर्वेस अमक्याचे शेत’ असे लिहिलेला तो अमका मरून त्याच्या शेताच्या चार वाटण्या झालेल्या असतात. अशा वेळी कागदावरचे शेत आणि पायाखालचे शेत एकच आहे का, हे नकाशा, हद्दीचे दगड आणि शेजारच्या खातेदारांचे सांगणे एकमेकांशी मिळवून पाहावे लागते. याला आपल्याकडे ‘ताळून पाहणे’ म्हणतात. म्हणून लेखी मराठीत ‘दावा मिळकतीची जागेवर पडताळणी करून अहवाल द्यावा’ असे लिहावे.

यापासून ‘मोजणी’ वेगळी ठेवणे मला फार महत्त्वाचे वाटते. शेत कोणते, हा पडताळणीचा प्रश्न. त्याची हद्द कुठून जाते आणि शेजाऱ्याने किती गुंठे आत घेतले, हा मोजणीचा. अतिक्रमणाच्या दाव्यात म्हणूनच भूमी अभिलेख खात्याच्या भूकरमापकाकडून मोजणी करवून घेतात, आणि नकाशात अभिलेखाची (कागदोपत्री) हद्द व वहिवाटीची (प्रत्यक्ष वापराची) हद्द वेगवेगळी दाखवली जाते. ‘वहिवाट’ या शब्दाचेही भान ठेवावे: कमिशनर जागेवर उभे पीक, विहीर, झाडे, कुंपण यांची नोंद करील, पण कायदेशीर कब्जा कोणाचा, हे ठरवणे त्याचे काम नव्हे. ‘कब्जा आढळला’ असे अनुवादात लिहिले गेले, तर एका क्रियापदाने पक्षकाराचे नुकसान होऊ शकते.

‘न्यायालय आयुक्त’ चुकीचा नाही. मात्र सोलापुरात ‘आयुक्त’ म्हटले की लोकांना महापालिकेचे किंवा पोलिसांचे आयुक्त आठवतात. पक्षकार, वकील आणि कारकून सगळे ‘कोर्ट कमिशनर’च म्हणतात, आणि अर्जाला ‘कमिशनचा अर्ज’. ‘कमिशन’चा दलाली हा अर्थही प्रचलित असल्यामुळे पहिल्या उल्लेखात ‘कोर्ट कमिशन’ असे पूर्ण लिहावे.

पुरवणी
वरील उत्तराशी मी सहमत आहे. केवळ ‘बांध’ या शब्दाविषयी भर घालतो. आपल्या भागात शेताच्या आत माती व पाणी अडवण्यासाठी घातलेल्या आडव्या भरावाला ‘ताल’ म्हणतात, आणि दोन खातेदारांच्या मधला तो ‘बांध’. दोन्ही मातीचेच असल्यामुळे नवख्याला सारखे दिसतात, आणि मराठी अनुवादक दोन्हींना सरसकट ‘बांध’ लिहून मोकळा होतो. एका अहवालाच्या अनुवादात असे झाले होते आणि आतली ताल हीच हद्द असल्यासारखे वाक्य तयार झाले होते. मूळ नकाशा शेजारी ठेवून वाचल्यावरच ती चूक माझ्या लक्षात आली. म्हणून हद्द दाखवायची असेल तेथे नुसते ‘बांध’ न लिहिता ‘सामाईक बांध’ किंवा ‘हद्दीचा बांध’ असे लिहावे, आणि ‘ताल’ हा शब्द जसाच्या तसा राहू द्यावा.