जोसॉन दरबारातलं रक्त कुणाच्या माथी?

धागाकर्ता:
कोरियाच्या जोसॉन राजवटीतली गटबाजी म्हटली की १६५९ चा वाद हटकून निघतो. राजा ह्योजोंग वारला आणि त्याच्या सावत्र आईने सुतक एक वर्ष पाळायचं की तीन, यावर दरबार भांडत बसला. लोक याला रिकामटेकडेपणा म्हणतात. मला ते अजिबात पटत नाही. थोरल्या मुलासाठी तीन वर्षं, धाकट्यासाठी एक, असा शास्त्रार्थ होता. ह्योजोंग धाकटा. थोरला भाऊ सोह्यॉन १६४५ मध्येच गेला होता, पण त्याचा मुलगा हयात होता! म्हणजे 'एक वर्ष' म्हटलं की गादीचा खरा वारस कोण, हा प्रश्न उघडा पडतो. पश्चिम गटाचा सोंग शी-योल एक वर्षावर ठाम होता, दक्षिण गटाचा यून ह्यू तीनवर. हे भांडण तत्त्वाचं होतं. पुढे या गटबाजीत माणसं मेली, पण ती मारली राजांनी.

प्रतिसाद १:
तत्त्वाचं? मग १५७५ ची पूर्व-पश्चिम फूट कशावरून पडली? नेमणुकांच्या खात्यातल्या एका मधल्या हुद्द्यावरून. पद पाचव्या दर्जाचं, पण मोक्याच्या जागी कुणाची शिफारस करायची ते त्याच्या हातात. किम ह्यो-वोन राजधानीच्या पूर्वेला राहायचा, शिम उई-ग्योम पश्चिमेला, म्हणून गटांची नावं तशी. दक्षिण गट पुढे या पूर्व गटातूनच फुटला. पुढे १५८९ मध्ये बंडाच्या आरोपाची चौकशी पश्चिम गटाच्या जोंग चोलकडे गेली आणि पूर्व गटाची शेकडो माणसं संपली. हाच जोंग चोल कोरियन भाषेतला थोर कवी. मला याचाच त्रास जास्त होतो.

प्रतिसाद २:
पण हे गट जन्माला येण्याआधीच, १४९८ मध्ये, राजा योनसानगुनने विद्वानांची कत्तल केली होती. किम इल-सोन या इतिहासकाराने आपल्या गुरूचा एक शोकलेख इतिहासाच्या कच्च्या नोंदीत घेतला. राजाला त्यात पणजोबांवर गादी बळकावल्याचा ठपका दिसला. गुरू किम जोंग-जिक आधीच वारले होते, तर त्यांचं थडगं उकरून प्रेताचा शिरच्छेद केला. इथे कुठला गट?

प्रतिसाद १:
त्या नोंदी राजाने पाहायच्या नाहीत, असा दंडक होता. मग त्या बाहेर आल्या कशा? यी गुक-दोन नावाच्या अधिकाऱ्याला त्यांत स्वतःच्याच गैरवर्तनाची नोंद सापडली, म्हणून. तलवार राजाची, पण ती म्यानातून काढून देणारा हात दरबाऱ्याचा.

धागाकर्ता:
१४९८ पुरतं मान्य. पण राजा सुकजोंगचं काय? १६८० मध्ये दक्षिण गट हाकलला, १६८९ मध्ये पश्चिम, १६९४ मध्ये पुन्हा दक्षिण. १६८९ मध्ये राजाची उपपत्नी जांग ही-बिन हिच्या तान्ह्या मुलाला वारस ठरवायची घाई नको, एवढं बोलल्याबद्दल ऐंशी ओलांडलेल्या सोंग शी-योलला जेजू बेटावर धाडलं. तिथून राजधानीकडे आणताना जोंगउप गावात विषाचा प्याला हातात दिला. तो राजाज्ञेने आला होता.

प्रतिसाद १:
आज्ञा राजाची, खरं. पण तेव्हा दरबारात दक्षिण गट होता, आणि म्हाताऱ्याला सोडू नका असा धोशा त्यांनीच लावला होता.