मेंढ्यांची पावती आणि इस्लामचा उगम

कागदकिडा: इस्लामच्या उगमाचा इतिहास श्रद्धा बाजूला ठेवून कसा लिहायचा? पैगंबर मुहंमद गेले ६३२ साली. त्यांचा चरित्रकार इब्न इस्हाक गेला ७६७ च्या सुमारास, आणि त्याचा ग्रंथ आपल्या हाती येतो तो मुख्यतः इब्न हिशामने चाळून दिलेला. शिवकाळासाठी आपण बखर बाजूला ठेवून समकालीन पत्र मागतोच ना? १९७७ मध्ये पॅट्रिशिया क्रोन आणि मायकेल कुक या इतिहासकारांनी तेच केलं. मुस्लिम परंपरा बाजूला ठेवून ग्रीक, सिरियाक, आर्मेनियन लिखाणावरून उगम मांडला. धर्मनिरपेक्ष इतिहासाचा हा एकच मार्ग.

आडवाट: केलं खरं, पण टिकलं कुठे? क्रोनबाईंनीच पुढे त्यातलं बरंच सोडून दिलं. १९७७ मध्येच दुसरे अभ्यासक जॉन वॉन्सब्रो म्हणाले, कुराणाला आजचं रूप यायला दीड-दोन शतकं लागली. आणि बर्मिंगहॅम विद्यापीठातल्या कुराणाच्या जुन्या चामडी पानांची कार्बन-तपासणी सांगते इ.स. ५६८ ते ६४५. आता बोला!

कागदकिडा: ती तारीख चामड्याची, शाईची नव्हे. जनावर कधी मेलं एवढंच कळलं.

आडवाट: बरं. मग येमेनमधल्या सना शहराच्या मशिदीत १९७२ ला सापडलेली, पुसून पुन्हा लिहिलेली पानं? पुसलेल्या मजकुरात काही शब्द वेगळे, सुरांचा, म्हणजे अध्यायांचा, क्रम वेगळा, पण आहे ते कुराणच.

घोंगडी: तुम्ही दोघं ग्रंथांतच अडकलात. व्हिएन्नात एक पपायरस, म्हणजे लव्हाळ्याच्या कागदावरचा दस्त, आहे, हिजरी २२ चा, म्हणजे ६४३. ग्रीक आणि अरबी दोन्हींत. अरबी मजकूर 'बिस्मिल्लाह'ने सुरू होतो आणि लगेच मुद्द्यावर येतो: अब्दुल्ला इब्न जाबिरने इजिप्तमधल्या हेराक्लिओपोलिसच्या अधिकाऱ्यांकडून सैन्याच्या पोटापाण्यासाठी मेंढ्या घेतल्या. पन्नास आणि वर पंधरा. तारखेत नुसतं 'साल २२'. कुठलं साल, ते सांगायची गरजच वाटलेली नाही! म्हणजे पैगंबर गेल्यावर दहा-अकरा वर्षांत ही कालगणना कारकुनांच्या अंगवळणी पडली होती. पैगंबरांचं नाव नाही, मक्का नाही. पण मेंढ्यांच्या पावतीत खोटं लिहून कुणाचं काय भलं होणार होतं?

सावली: पावती छानच, पण तोंडी परंपराही तपासता येते. अभ्यासक हाराल्ड मोत्स्कींनी 'अमक्याने तमक्याकडून ऐकलं' अशा सांगणाऱ्यांच्या साखळ्या आणि मजकूर शेजारी ठेवून काही कथा इब्न इस्हाकच्या आधीच्या पिढीपर्यंत मागे नेल्या. श्रद्धेपोटी नव्हे, पाठभेद जुळवून.

कागदकिडा: कथा कधीपासून सांगत होते ते कळलं. घडलं का, ते वेगळं.

सावली: हो. पण मग तो 'एकच मार्ग' मागे घेताय का?

कागदकिडा: 'एकच' मागे घेतो. बखरीबद्दलचं नाही.