फोर्स सगळ्यांचा, की रक्तातल्या आकड्याचा?

चांदणी

'स्टार वॉर्स' चित्रपटांमधल्या यानं-लढायांपेक्षा मला फोर्स ही कल्पना मोलाची वाटते. १९७७च्या पहिल्या चित्रपटात म्हातारा ओबी-वान, जो जेडाय म्हणजे फोर्स वापरणारा योद्धा आहे, तरुण नायक ल्यूकला ती समजावून सांगतो: सगळ्या सजीवांतून निर्माण होणारं एक ऊर्जाक्षेत्र, जे आपल्याला वेढून असतं, आपल्यातून आरपार जातं आणि आख्खी आकाशगंगा बांधून ठेवतं. पुढे अल्डरान ग्रह उडवला जातो, तेव्हा दूर यानात असलेला ओबी-वान कळ आल्यासारखा खाली बसतो. कारण सगळे जीव एकाच विणीत आहेत.

मग १९९९ साली 'द फँटम मेनेस' आला. त्यात क्वाय-गॉन नावाचा जेडाय, पुढे ल्यूकचा बाप होणाऱ्या नऊ वर्षांच्या ॲनाकिनचं रक्त तपासायला घेतो. पेशींमध्ये मिडी-क्लोरियन नावाचे सूक्ष्मजीव असतात, ते जितके जास्त तितका फोर्स प्रबळ. पोराचा आकडा वीस हजारांच्या वर, जेडायांचा गुरू योडा याच्यापेक्षाही जास्त! वीण सगळ्यांनी मिळून विणायची आणि तिचं टोक कुणाच्या हाती द्यायचं ते मात्र रक्त तपासून ठरवायचं, हा मला सरळ अन्याय वाटतो. तुमचं मत काय?

सूक्ष्मदर्शक

अजिबात पटलं नाही. क्वाय-गॉन पुढे काय सांगतो ते तुम्ही सोडून दिलंत. हे जीव प्रत्येक सजीवाच्या पेशीत असतात. ते नसते तर जीवनच नसतं आणि फोर्सचा पत्ताही लागला नसता. मन शांत केलं की फोर्सची इच्छा आपल्याला त्यांच्यामार्फत ऐकू येते. म्हणजे ते फोर्सचे मालक नव्हेत, आपले कान आहेत.

मी जीवशास्त्र शिकवतो, त्यामुळे मला हा भाग फार जवळचा. आपल्या पेशींतल्या मायटोकॉन्ड्रिया, म्हणजे पेशीला ऊर्जा पुरवणारे भाग, एके काळी स्वतंत्र जीवाणू होत्या, हे लिन मार्ग्युलिसनं १९६७ साली ठामपणे मांडलं. तेव्हा अनेकांना ते पचलं नाही, आज ते पाठ्यपुस्तकात आहे. 'मी' म्हणून ज्याला मिरवतो ते शरीरच मुळात सहवास आहे. फोर्सची गूढता यानं कमी होत नाही. उलट ती आपल्या आत येऊन बसते.

जुनी कॅसेट

चांदणीताई, खापर १९९९वर का? १९८३च्या तिसऱ्या चित्रपटात ल्यूक आपल्या बहिणीला, लेयाला, सांगतोच की आपल्या घराण्यात फोर्स प्रबळ आहे: वडिलांत, माझ्यात आणि बहिणीतही. घराणं चालतं आणि आकडा खुपतो, असं कसं? शिवाय ॲनाकिन गुलाम होता, त्याला बाप नव्हता. कुळ बघूनच निवडायचं असतं तर त्याला कुणी दारात तरी उभं केलं असतं का? आकड्यानं निदान कुळ विचारलं नाही.

मंद्र

गाणं शिकते म्हणून लिहिते. गळा जन्मानं मिळतो, हे खरंच आहे. माझ्या शेजारी बसणाऱ्या मुलीचा सूर पहिल्या दिवसापासून लागायचा, माझा लागायला चार वर्षं गेली. पण गुरुजींनी पहिल्याच दिवशी गळा मोजून मला परत पाठवलं असतं तर? १९८०च्या चित्रपटात दलदलीत रुतलेलं यान ल्यूकला उचलत नाही आणि इवलासा योडा ते उचलून दाखवतो. ल्यूक म्हणतो, विश्वासच बसत नाही. योडा म्हणतो, म्हणूनच तुला जमत नाही. रक्ताचं नावही निघत नाही तिथे.

चांदणी

@जुनी कॅसेट, घराण्याचा मुद्दा मान्य. तेव्हाच खुपायला हवं होतं. पण आकड्यानं कुणालाच वगळलं नाही, हे चूक. ॲनाकिनची आई श्मी आठवा. तिचा आकडा कुणी मोजलाच नाही. क्वाय-गॉननं तिलाही सोडवायचा प्रयत्न केला, पण मालक कबूल झाला नाही. पोरगा जेडाय व्हायला गेला, आई गुलामच राहिली. पुढच्या दहा वर्षांत जेडायांपैकी कुणी तिच्यासाठी परत गेलेलं आपल्याला पडद्यावर दिसत नाही. तिला शेवटी सोडवलं ते वाळवंटातल्या एका शेतकऱ्यानं. ज्यांना विश्वाच्या विणीतली कळ जाणवते, त्यांना ही एक बाई जाणवू नये?

आणि याच्या उलट याच मालिकेतल्या २०१६च्या 'रोग वन' चित्रपटातला आंधळा चिरुट. तो जेडाय नाही, तरी फोर्सचं नाव घेत गोळीबारातून चालत जातो आणि मोहिमेला हवा असलेला स्विच दाबतो. माझ्या लेखी तोच फोर्सचा खरा माणूस.

सूक्ष्मदर्शक

चिरुट तर माझ्या बाजूचा साक्षीदार. प्रत्येक पेशीत मिडी-क्लोरियन असतात, म्हणजे त्याच्यातही होते आणि त्यानं ऐकायचं मनावर घेतलं. आणि एक लक्षात घ्या, वीस हजारांचा आकडा समोर असूनही जेडाय परिषदेनं ॲनाकिनला आधी नकारच दिला होता: वय जास्त, मनात भीती. आकडा तेव्हाही पुरेसा नव्हता.

श्मीबद्दल मात्र मी निरुत्तर आहे. काल रात्री त्या मायलेकांच्या निरोपाचा प्रसंग पुन्हा पाहिला. मागे वळून बघू नकोस, असं ती पोराला सांगते.