गोल घुमटला उघडायच्या वेळेलाच पोचलं तर तो आवाज खरंच ऐकू येतो का?

जुळे_सोलापूरची_आई

नमस्कार सगळ्यांना, दिवाळीच्या सुट्टीत विजापूर करायचं ठरवतोय, त्याबद्दल विचारायचं होतं. मागच्या वर्षी एका रविवारी गेलो होतो, म्हणजे आपलं नेहमीसारखंच, सकाळी उठून सगळ्यांचं आवरून नाश्ता करून निघेपर्यंत साडेनऊ वाजले आणि गोल घुमटाच्या पायऱ्या चढायला लागलो तेव्हा बारा वाजत आले होते. वर गॅलरीत शाळांच्या सहली आलेल्या, पोरं नुसती ओरडत होती, शिट्ट्या मारत होती, टाळ्या वाजवत होती, मोठी माणसं पण तेच करत होती. माझा मुलगा भिंतीला कान लावून बसला, मी पार पलीकडच्या बाजूला जाऊन हळूच त्याचं नाव घेतलं, त्याला काहीच ऐकू आलं नाही. तीन-चार वेळा केलं, मग तो रडवेला झाला, खाली उतरलो.

हे एवढं मनाला लागायचं कारण असं की माझे सासरे त्याला लहानपणापासून सांगायचे की इकडे कागद फाडला की पलीकडे ऐकू येतो, मी स्वतः ऐकलंय. ते या मार्चमध्ये गेले. परवा मुलगा मला विचारत होता, आई, आजोबांनी ते मला नुसतं गोष्ट म्हणून सांगितलं होतं का. मला काय बोलावं सुचलंच नाही.

तर आता पुण्याहून नणंद येणार आहे तिच्या मुलांना घेऊन, तेव्हा पहाटे चारला निघून उघडायच्या वेळेला पोचावं असं डोक्यात आहे. मुलं ८ आणि ११ वर्षांची, सासूबाई ६७, गुडघ्याचा त्रास आहे त्यांना, त्या वर चढणार नाहीत. एवढा आटापिटा करून फरक पडतो का? आणि अजून कुठं कुठं असं सकाळी लवकर गेलं तर नीट बघायला मिळतं आपल्या भागात?

होटगीरोडवाला

ताई, पडतो. नक्की जावा. मी चार वेळा गेलोय, त्यातलं दोनदा सकाळी सहाला गेट उघडतं तेव्हाच आत शिरलोय आणि दोनदा दुपारी, आणि खरं सांगतो, या दोन वेगळ्या जागा वाटतात.

बाकी ठिकाणी गर्दी असली तर फोटोत माणसं येतात, रांग लागते, एवढंच. इथं तसं नाही ना, इथं बघायची गोष्टच मुळात आवाज आहे. घुमटाच्या आत एक आवाज काढला की तो सात-आठ वेळा घुमून परत येतो, विरायला वेळ लागतो त्याला. आता तो विरायच्या आत दुसरा ओरडला, तिसऱ्यानं शिट्टी मारली, की सगळं एकावर एक चढून नुसता कालवा होतो, त्यात तुमची कुजबुज कुठनं ऐकू येणार. तुमच्या पोराचं काही चुकलं नाही आणि सासऱ्यांनी सांगितलेलं पण खरंच आहे.

आता कसं करायचं ते सांगतो. तिकीट काढून आत गेल्यावर समोर नगारखान्यात म्युझियम आहे, ते दहाला उघडतं आणि शुक्रवारी बंद असतं, त्याचा विचार सकाळी करायचाच नाही. सरळ घुमटाकडं. चारही कोपऱ्यांवर सात-सात मजली मनोरे आहेत, त्यातल्या जिन्यानं वर जायचं. जिना अरुंद आहे, पायऱ्या उंच, पहाटे अंधार असतो आत, म्हणून टॉर्च पाहिजेच, पोरांना मध्ये घ्या आणि पुढं-मागं एकेक मोठं माणूस ठेवा. वर गच्चीवर निघालं की थोडा दम खा, गाव सगळं खाली दिसतं, दिवाळीच्या सुमाराला साडेसहाच्या आसपास सूर्य उगवतो तो पण बघायला मिळेल. पण तिथंच फोटो काढत बसू नका!! आधी आत गॅलरीत जावा, उजाडणं परत कधी पण बघता येतंय.

आत गेल्यावर मुलाला एका बाजूला भिंतीला टेकून बसवा, कान भिंतीजवळ. तुम्ही बरोबर समोरच्या बाजूला जावा, मधलं अंतर सव्वाशे फुटाच्या आसपास भरतं. तोंड भिंतीकडं करा आणि हळू बोला, अगदी शेजारी झोपलेल्या माणसाला कळू नये एवढं हळू. ओरडायचं नाही. ती भिंत गोल आहे ना, आवाज तिच्या कडेकडेनं सरकत जातो, मधल्या पोकळीत पसरून जात नाही, म्हणून हळू बोललेलं पण पोचतंय.

आजींना खाली खुर्ची-सतरंजी काहीतरी न्या. खालचा हॉल बघितला तरी त्यांची फेरी वाया जाणार नाही, एवढ्या प्रचंड जागेत मध्ये एक पण खांब नाही. मधल्या चौथऱ्यावर ज्या कबरी दिसतात त्या नुसत्या दाखवायच्या, मोहम्मद आदिलशाह आणि त्याच्या घरच्यांच्या खऱ्या कबरी खाली तळघरात आहेत. १६५६ चं काम आहे हे, तेव्हा कसं उभं केलं असेल हा विचार करत मी तिथं अर्धा तास नुसता वर बघत उभा होतो.

सातरस्ता

वरचं सगळं बरोबर पण एका गोष्टीला माझा साफ विरोध आहे. पहाटे चारला निघू नका. सोलापूर-विजापूर शंभर किलोमीटर, रस्ता चौपदरी झालाय, दोन तासात पोचता, सगळं मान्य. पण दिवाळीनंतर कारखाने सुरू होतात आणि मग बघा, एका ट्रॅक्टरला दोन-दोन ट्रॉल्या ऊस भरून, मागं लाल दिवा नाही, रिफ्लेक्टर नाही, ऊस बाहेर लोंबतोय, अंधारात पन्नास फुटावर आल्याशिवाय दिसत नाही. माझा मामेभाऊ पहाटे असाच मागून घुसला होता, जीव वाचला पण पाय अजून नीट टेकत नाही त्याचा. गाडीत म्हातारं माणूस आणि लेकरं घेऊन, गाडी चालवणाऱ्याची झोप झालेली नसताना हे करायचं कशाला?

आदल्या दिवशी संध्याकाळी उजेडात जावा, तिथंच मुक्काम करा. गोल घुमट विजापूर स्टेशनपासून अगदी जवळ आहे, त्या भागात राहायला मिळतंय, सकाळी साडेपाचला उठून चहा घेऊन चालत गेटवर. रेल्वेनं पण जाता येतंय होटगीवरून, मुलांना ते जास्त आवडेल बघा. पैसे थोडे जास्त जातील पण झोप होते, आणि झोप झालेली पोरं कुरकुर न करता पायऱ्या चढतात.

होटगीरोडवाला

दादा, पटलं. मी एकटा बाईकवर जायचो आणि ते पण जूनमध्ये, ऊसाचं माझ्या डोक्यातच आलं नाही. ताई, मुक्कामच करा.

विजापूरवेस_काका

माझं वय आता ७१, सगळीकडं फिरून झालंय, म्हणून एक सांगतो. सकाळी लवकर म्हणजे गर्दी नाही हे किल्ल्या-घुमटांना लागू आहे, देवळांना नाही. उलट आहे तिथं. तुळजापूरला पहाटे चरणतीर्थाला जायचं म्हणून रात्रीपासून माणसं बसलेली असतात, पंढरपूरला काकड्याला तेच, अक्कलकोटला गुरुवारी पहाटे तुम्ही गेलात तर तुमच्या आधी पाचशे लोक उभे. देवाचा दिवस पहाटेच सुरू होतो त्यामुळं भक्त पण तेव्हाच येणार, त्यात कुणाचं काही चुकत नाही. तिथं गर्दी टाळायची तर वार बघायचा, घड्याळ नाही. तुळजापूरला मंगळवार, शुक्रवार, पौर्णिमा सोडून जायचं. कोजागिरीला तर आपलं अर्धं सोलापूर रात्रभर चालत तुळजापूरला जात असतं, मी स्वतः २२ वर्षं चालत गेलोय, त्या रात्री रस्त्यावरची गर्दी हाच सोहळा आहे, ती टाळायची नसते.

आणि पाहुणे येणारच आहेत तर आपला सिद्धेश्वर तलाव विसरू नका. साडेसहाला मंदिराकडं जावा, पाणी स्थिर असतं, देऊळ पाण्यात उलटं दिसतं, पलीकडं भुईकोट किल्ल्याचे बुरुज. गावातली माणसं दर्शन घेऊन कामाला निघालेली असतात, घाई कुणालाच नसते. फक्त जानेवारीत संक्रांतीच्या टायमाला गड्ड्याची यात्रा असते तेव्हा शांततेची अपेक्षा करू नका, तेव्हा नंदीध्वज बघायला या.

भीमाकाठ

काकांशी सहमत. अजून दोन भर घालतो.

गोल घुमटावरून उतरल्यावर लगेच नाश्त्याला पळू नका, थेट इब्राहिम रोजाला जावा. गावाच्या दुसऱ्या टोकाला पश्चिमेकडं आहे, बहुतेक सहली आधी गोल घुमट करून मग तिकडं वळतात, त्यामुळं तुम्ही साडेसातला तिकडं असाल तर तासभर तरी शांत मिळेल. एकाच चौथऱ्यावर समोरासमोर कबर आणि मशीद, मध्ये कारंज्याचा हौद. खिडक्यांच्या दगडी जाळीत अक्षरं कोरलीत, म्हणजे अक्षरांचीच जाळी केलीय, ते जवळ जाऊन सावकाश बघायचं काम आहे, धक्काबुक्कीत नाही होत. मला विचाराल तर गोल घुमटापेक्षा जास्त जीव इथं लागतो. आजींना पण सोपं पडेल, थोड्याच पायऱ्या आहेत.

दुसरं म्हणजे हत्तरसंग कुडल. आपल्या दक्षिण सोलापूर तालुक्यातच, भीमा आणि सीनेचा संगम, सोलापुरापासून साधारण चाळीस किलोमीटर, आणि निम्म्या सोलापूरकरांनी बघितलेलं नाही याचं मला मनापासून वाईट वाटतं. संगमेश्वराच्या देवळात शके ९४० म्हणजे इसवी सन १०१८ चा मराठी शिलालेख आहे, मराठीतल्या सगळ्यात जुन्या लेखांत धरतात त्याला. 'वाछि तो विजेया होईवा', जो वाचेल तो विजयी होईल. टॉर्च तिरका मारला की अक्षरं उठून दिसतात, पोरांना एकेक अक्षर ओळखायला लावा, 'वा' ओळखता आला की काय आनंद होतो त्यांना. शेजारच्या देवळात ३५९ मुखं कोरलेलं शिवलिंग आहे, ते मोजत बसायला पण मजा येते. तिथं गर्दी म्हणून सकाळी जायचं नाही, नदीकाठचा गारवा असतो म्हणून जायचं, अकरानंतर दगड तापतात.

शेंगाचटणी

नळदुर्ग राहिलं की ओ! पण त्याचं गणित वेगळं आहे, तिथं वेळेपेक्षा महिना महत्त्वाचा. बोरी नदीला पाणी असेल तरच नर-मादी धबधबे, पाणी महालाच्या खिडकीतनं ते बघायचं. ऑगस्ट-सप्टेंबरात पाऊस चांगला झाला तर जावा, पण तेव्हा रविवारी सगळं सोलापूर, उमरगा, सगळी तिथंच. वीकडेला अर्धा दिवस रजा टाकून गेटवर पहिले पोचा. दिवाळीत बहुतेक पाणी नसतंय, किल्ला भारी आहे तरी पण पोरं धबधबा धबधबा करत बसतील.

आणि ताई, एक विनंती. तुम्ही सकाळी वर गेल्यावर दुसरं कुणी ओरडायला लागलं तर चांगल्या शब्दांत सांगा की पाच मिनिटं सगळे गप्प बसूया, मग बघा काय ऐकू येतंय. मी सांगितलं होतं, लोक ऐकतात, त्यांना कुणी सांगितलेलंच नसतं की इथं ओरडायचं नसतं म्हणून. गाईड पण कधीकधी टाळी वाजवून दाखवतात त्यामुळं सगळ्यांना वाटतं तेच करायचं.

जुळे_सोलापूरची_आई

सगळ्यांचे मनापासून आभार. मुक्काम करायचं ठरलं, यजमानांना ऊसाच्या ट्रॉल्यांचं वाचून दाखवलं तर ते लगेच तयार झाले. कडक भाकरी आणि शेंगा चटणी बांधून नेणार आहे, सकाळी हॉटेल उघडायची वाट बघायला नको. आल्यावर लिहिते.

जुळे_सोलापूरची_आई

काल रात्री परत आलो. सांगितल्याप्रमाणे सगळं केलं. सहा वाजून पाच मिनिटांनी आत होतो, बागेत गावातली दोन-चार माणसं फिरायला आलेली, बाकी कुणीच नाही. सासूबाईंना खाली यजमानांसोबत बसवलं आणि आम्ही चढलो. टॉर्च नसता तर खरंच अवघड होतं, नणंदेची धाकटी मधेच घाबरली, तिला पुढच्या मजल्यावर खिडकीजवळ बसवून थोडं पाणी दिलं मग आली.

गॅलरीत फक्त आम्ही होतो. मी मुलाला बसवलं आणि चालत पलीकडं गेले, माझ्याच पावलांचा आवाज केवढा घुमत होता, चप्पल काढून हातात घेतली. मी आधी काही बोललेच नाही. पर्समधनं रात्रीच्या जेवणाचं बिल काढलं आणि सावकाश फाडलं. पलीकडं तो दचकून उभाच राहिला, आणि मग त्याचा आवाज आला, माझ्या अगदी कानाजवळ, "आई, फाडलास ना आत्ता?" एवढंच. मला पुढं बोलता येईना. नंतर तो खाली वाकून आजी म्हणाला, ते सासूबाईंना खाली सहा-सात वेळा आजी आजी असं ऐकू आलं म्हणे, त्यांनी मोजलं होतं.

सात वाजता एक कुटुंब आलं आणि त्यांच्या पोरांनी ओरडायला सुरुवात केली, त्यांना सांगितलं, ते पण गप्प बसले आणि त्यांनी पण केलं. पावणेआठला पहिली सहल चढताना दिसली तेव्हा आम्ही उतरलो. इब्राहिम रोजाला सासूबाईच सगळ्यात जास्त वेळ रमल्या, भीमाकाठ यांना त्यांनी मुद्दाम धन्यवाद सांगितलेत.

आता मुलगा हत्तरसंगच्या मागं लागलाय, त्याला तो लेख स्वतः वाचायचा आहे. पुढच्या रविवारी उजाडल्यावर निघू. तिथं प्यायच्या पाण्याची, बसायची काही सोय आहे का, की सगळं घरूनच न्यावं?

भीमाकाठ

ताई, वाचून फार बरं वाटलं. पाणी आणि खायचं घरूनच न्या, मोठ्या झाडांची सावली आहे बसायला. सासूबाईंना पण आणा, देवळापर्यंत गाडी जाते. नदीत पोरांना उतरू देऊ नका, संगमाचं पाणी वरून शांत दिसतं पण खोल आहे.